कट उधळला, तर खटला कशाचा?

एका वाचकाने विचारलं आहे: "दहशतवादी हल्ल्याचा कट उधळला, असं बातमीत येतं आणि पुढच्याच ओळीत आरोपींवर कटाचा खटला भरल्याचं येतं. कट उधळला म्हणजे काही घडलंच नाही ना? मग 'कटाच्या प्रयत्नाचा खटला' म्हणायला नको का? शिवाय कट उधळला, फसला, हाणून पाडला यांत फरक आहे की कोणतंही क्रियापद चालतं?"

सभा उधळली असं आपण कधी म्हणतो? ती भरलेली असते तेव्हा. वक्ते आलेच नाहीत आणि मांडव रिकामा राहिला, तर सभा झाली नाही म्हणतो, उधळली म्हणत नाही. उधळायला आधी काहीतरी जमलेलं लागतं. कटाचंही तसंच आहे. तो उधळला गेला याचा अर्थच तो अस्तित्वात होता. घडला नाही तो हल्ला. कट घडून गेलेला असतो.

मराठीला हे आतून ठाऊक आहे, म्हणून कटाची आपली क्रियापदं स्वयंपाकघरातली आणि सुतारकामातली आहेत. कट शिजतो, रचला जातो, आखला जातो. अन्न शिजलं की शिजलं, कुणी जेवायला बसलं नाही म्हणून ते कच्चं ठरत नाही. कायद्याची व्याख्याही जवळपास हेच सांगते. दोन किंवा अधिक माणसांनी गुन्हा करण्याचं आपसांत ठरवलं की कट पूर्ण झाला. भारतीय दंडसंहितेत 1913 मध्ये 120 अ आणि 120 ब ही कलमं आली, आता भारतीय न्यायसंहितेत ते कलम 61 आहे. ठरलेली गोष्ट स्वतःच गुन्हा असेल, तर ठरण्यापलीकडे काही घडावं लागत नाही. म्हणून 'कटाचा प्रयत्न' मला पटत नाही. म्हणायचं असतं ते 'हल्ल्याचा प्रयत्न' किंवा 'हल्ल्याचा कट', आणि घाईत दोन्हींची गाठ मारली जाते.

'दोन किंवा अधिक' हे विसरू नये. 'तरुणाने एकट्याने कट रचला' असं वाक्य मी वाचलं आहे, ते चूक आहे. एकट्याचा बेत असतो, डाव असतो. कटाला दुसरं माणूस लागतं.

आता उधळणं आणि फसणं. हा फरक खरा आहे आणि तो जपायला हवा. ब्रिटनमधली दोन प्रकरणं शेजारी ठेवली की तो डोळ्यांसमोर येतो. 21 जुलै 2005 रोजी लंडनच्या तीन भुयारी गाड्यांत आणि एका बसमध्ये बॉम्ब उडवण्याचा प्रयत्न झाला. स्फोट पेटवणारे भाग उडाले, मुख्य स्फोटक उडालं नाही. कुणी आधी अडवलं नव्हतं, हल्ला आपल्याच दोषाने फसला. पुढच्या वर्षी, ऑगस्ट 2006 मध्ये, अटलांटिक ओलांडणारी प्रवासी विमानं शीतपेयांच्या बाटल्यांतल्या द्रव स्फोटकांनी उडवण्याचा बेत उघडकीस आला. पोलिसांची पाळत आधीपासून होती. पूर्व लंडनमधल्या वॉल्थमस्टोच्या एका फ्लॅटमध्ये काय शिजतंय ते छुप्या यंत्रांनी ऐकलं आणि पाहिलं जात होतं. अटका झाल्या तेव्हा विमानाची तिकिटंही काढलेली नव्हती. हा उधळलेला कट. उधळण्याला कर्ता लागतो, फसण्याला लागत नाही. 'हाणून पाडला' मध्येही कर्ता आहे, पण तिथे समोरून चालून आलेल्याला जोर लावून थोपवल्याचा भाव आहे. हल्लेखोरांना दारातच रोखलं तर ते क्रियापद शोभतं, महिनोन्‌महिने पाळत ठेवून केलेल्या अटकेला 'उधळला' बरं.

पण कोर्टात दोन्ही प्रकरणांत आरोप एकाच जातीचा होता, खुनाच्या कटाचा. फसलेल्या प्रकरणात 2007 मध्ये चौघांना जन्मठेप झाली. हल्ला फसला म्हणून कट फसला असं न्यायालयाने धरलं नाही.

विमानांच्या खटल्यात मात्र मराठी वाचकाने थांबून पाहावं असं काहीतरी आहे. 2008 मध्ये ज्यूरीने तिघांना खुनाच्या कटाबद्दल दोषी धरलं. पण विमानं उडवण्याच्या कटाबद्दल त्यांचं एकमत झालं नाही. बचाव असा होता की आम्हाला गाजावाजा करायचा होता, एक माहितीपट काढायचा होता, माणसं मारायची नव्हती. सरकार पक्षाने फेरखटला मागितला आणि सप्टेंबर 2009 मध्ये त्या तिघांवर विमानांचा कटही सिद्ध झाला. जन्मठेपेत किमान 40, 36 आणि 32 वर्षं भोगायची असं ठरलं.

म्हणजे सगळा झगडा आपल्या षष्ठीच्या 'चा' प्रत्ययाभोवती होता! कट कशाचा? खुनाचा, की विमानात खून करण्याचा? नुसता 'कट' शब्द अपुरा आहे, त्याला मागे 'कशाचा' लागतंच. 'त्याच्यावर कटाचा आरोप आहे' एवढंच लिहिणारा बातमीदार अर्धं वाक्य लिहितो. (अनेक विमानतळांवर हातातल्या सामानात 100 मिलीलिटरहून मोठी द्रवाची बाटली नेता येत नाही, तो नियम या कटातून आला. परदेशी निघालेल्या लेकराला दिलेली तुपाची बरणी तपासणीत काढून ठेवावी लागते, तिचं मूळ वॉल्थमस्टोच्या त्या फ्लॅटमध्ये आहे.)

न घडलेल्या गोष्टीवर खटला चालतो तेव्हा शब्दांवर फार भार येतो, आणि त्याची दुसरी बाजू आपल्या इतिहासात आहे. 'कट खटला' हा जोडशब्द मराठीत रुळला तो परकी सरकारने भरलेल्या खटल्यांमुळे. 1929 ते 1933 या काळात चाललेल्या मेरठ कट खटल्यात कम्युनिस्ट नेते श्रीपाद अमृत डांगे आरोपी होते. तिथे लावलेलं, राजसत्तेविरुद्धच्या कटाचं कलम 121 अ स्पष्टच म्हणत होतं की कटाला अनुसरून कोणतीही कृती घडण्याची गरज नाही. स्फोटकं नव्हती, बाटल्या नव्हत्या. होती ती पत्रं, भाषणं, संघटना. एकाच शब्दाने मेरठ आणि वॉल्थमस्टो दोन्ही झाकले जातात. म्हणून निकालाआधी 'आरोपींनी कट रचला' असं लिहिण्याला माझा ठाम विरोध आहे. 'कट रचल्याचा आरोप' लिहायला चार अक्षरं जास्त लागतात, ती खर्च करावीत.

'षड्यंत्र' आणि 'कारस्थान' पर्याय म्हणून चालतील का, हेही पुष्कळदा विचारतात. षड्यंत्र लिहाल तर ड चा पाय मोडा, कारण मूळ 'षट्' आहे, षड्रिपूसारखंच. पण कायद्याच्या बातमीत तो शब्द भाषणबाज वाटतो. कारस्थानाची छटा वेगळी आहे. 1773 मधल्या नारायणराव पेशव्यांच्या खुनानंतर रघुनाथरावांविरुद्ध कारभारी एकत्र आले, त्याला आपण बारभाईचं कारस्थान म्हणतो. तिथे हा शब्द राजकारणातल्या जुळवाजुळवीचा आहे, गुन्ह्याचा नाही. बॉम्बच्या बेताला तो लावू नये.

तेव्हा तुमची बातमी मी अशी लिहीन: "विमानं उडवण्याचा कट पोलिसांनी उधळला. त्या कटात सामील असल्याच्या आरोपावरून आठ जणांवर खटला सुरू झाला आहे."