पडद्यामागून : तुमचे प्रश्न, काकांची उत्तरं

प्रश्न : काका, इफ्फीच्या (गोव्यातल्या चित्रपट महोत्सवाच्या) रांगेत दोघं 'नामूस' नावाच्या आर्मेनियन मूकपटाबद्दल बोलत होते. त्यात सामाजिक प्रश्न मांडलाय म्हणे. संवादच नाहीत, तर मांडणार कसा?
– एक वाचक, डिचोली

उत्तर : मुली, फोंड्याच्या आसपास जत्रेतल्या नाटकांना प्रॉम्प्टिंग करण्यात माझी तीस वर्षं गेली. नटाचा शब्द अडला की तो पुरवायचा, हे माझं काम. त्यामुळे 'नामूस' बघताना सुरुवातीला माझे ओठ उगाच हलत होते.

नामूस म्हणजे अब्रू; उर्दूतही हाच शब्द आहे. हामो बेकनझारियनने १९२५ साली केलेला हा आर्मेनियाचा पहिला कथापट. मूळ कादंबरीचा लेखक शिरवानझादे आजच्या अझरबैजानमधल्या शमाखी गावचा, गोष्टही तिथलीच. भूकंपानंतर दोन कुटुंबं आपल्या लहान मुलांची सोयरीक ठरवतात. रीत अशी, की ठरल्यापासून लग्नापर्यंत दोघांनी भेटायचं नाही. सेयरान आणि सुसन चोरून भेटतात, बोभाटा होतो, आणि बाप बारखुदार पोरीला रुस्तमच्या गळ्यात बांधतो. सेयरान जळफळून 'ती माझीच होती' असं खोटं बोलून बसतो. रुस्तम तिचा जीव घेतो.

आता तुझा प्रश्न. गावात बोभाटा झाला, की ज्याच्याबद्दल झाला त्यालाच तो ऐकू येत नाही. तो दुकानात शिरला की बोलणं थांबतं, माना वळतात. त्याच्या वाट्याला नुसते चेहरे येतात. म्हणजे अब्रूची गोष्ट त्या माणसापुरती मूकपटच! इथे संवाद घातले असते तर काम बिघडलं असतं, हे मी प्रॉम्प्टर असून म्हणतोय.

बारखुदार केलाय होव्हानेस अबेलियनने, हा मुळात रंगभूमीचा नट. आमच्या जत्रेतले 'बाप' शेवटच्या रांगेपर्यंत ओरडतात. आवाज काढून घेतला तर त्यांच्यातले किती उरतील, देव जाणे.

आणि हे काही लांबचं नव्हे. त्याच १९२५ साली कोल्हापुरात बाबूराव पेंटर 'सावकारी पाश' हा असाच सामाजिक प्रश्नावरचा मूकपट करत होते. बेकनझारियनने लगेच १९२६ मध्ये 'झारे' केला, यझिदी कुर्दांमधल्या मुलीची गोष्ट. मला मात्र 'नामूस'च जास्त लागला.

बघायला गेलीस तर चष्मा ने, दृश्यांमधल्या मजकुराच्या पाट्या भराभर जातात. माझ्या शेजारचे गृहस्थ त्या मोठ्याने वाचत होते. प्रॉम्प्टर पहिल्या रांगेला ऐकू गेला तर कसा नकोसा होतो, ते मला तीस वर्षांनी कळलं.