वह्या रद्दीत गेल्या, त्याचं काय?

सांगलीहून एका आईंचं पत्र आलंय. मुलगी अकरावी सायन्सला. दहावीला 84 टक्के होते, पहिल्या सत्रात 61 वर आली. जपानी अ‍ॅनिमेशनमध्ये जायचं म्हणते. 'कधी माणसं काढते, कधी नुसती घरं-झाडं, कधी गोष्टीच्या चौकटी. एक धड करत नाही. वैतागून तिच्या वह्या रद्दीत घातल्या. हिचं कसं व्हायचं?'

ताई, टक्क्यांचं नंतर पाहू. वह्या किती होत्या? तुम्ही एका ओळीत उरकलंत, मी तिथेच अडकलो. गणिताच्या वह्या घातल्या असत्या का रद्दीत? तिचा सराव त्यांतच होता, फसलेल्या चित्रांसकट. आता ती लपून काढेल, एवढाच फरक. टक्के काही वाढायचे नाहीत.

आणि 'एक धड नाही' हे तर साफ चूक. जपानी अ‍ॅनिमेशनचे नामवंत दिग्दर्शक हायाओ मियाझाकी अर्थशास्त्र शिकून 1963 साली तोएई दोगा या अ‍ॅनिमेशन स्टुडिओत लागले, तेही मधली चित्रं काढायला. पुढे लेआउट (दृश्याची मांडणी), कथा, दिग्दर्शन सगळं केलं. दुसरे दिग्दर्शक सातोशी कोन आधी मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा काढायचे, मग पार्श्वभूमी आणि लेआउट करत 1997 साली दिग्दर्शक झाले. घरं-झाडं वाया जात नाहीत. मात्र सुरुवात बहुतेकदा 'दोगा'ने, म्हणजे मधल्या चित्रांनी होते: मान वळवणाऱ्या मुलीची दोन मुख्य चित्रं दुसऱ्याने काढलेली, मधली तुम्ही भरायची. खालून उजेड येणाऱ्या टेबलावर, कागद बोटांत धरून पुढे-मागे उलटत, केसाची एकेक बट जागेवर आहे ना बघत. मोबदला बऱ्याच ठिकाणी चित्रामागे, साधारण 200 येन. त्यावर टोकियोत खोलीचं भाडं निघणं मुश्कील. हे तिलाही स्पष्ट सांगा. स्वप्न मोडायला नव्हे, हिशेब कळायला.

बारावीनंतर बीएफएची (कला पदवीची) सीईटी, यूसीड, एनआयडी या डिझाइनच्या प्रवेश परीक्षा, हे रस्ते आहेतच. तिकडच्या नोकरीच्या व्हिसाला साधारणपणे पदवी लागते, म्हणून शिक्षण सोडायचं नाही. जपानी आजपासून सुरू करा. सूचना जपानीतच मिळतात. बारावीपर्यंत सायन्स रेटायलाच हवं असं मात्र नाही. आर्ट्सला जायचं म्हणाली तर घरात सुतक पाळू नका.

पुढचं पत्र तिला लिहू द्या, सोबत दहा चित्रं. तुमच्या काळजीला मी उत्तर दिलं, तिचा प्रश्न मला अजून कुणी विचारलेलाच नाही. आणि रद्दीवाला ओळखीचा असेल तर आजच गाठा. गठ्ठा पुढे जायला दोन-चार दिवस लागतात.