कॅटेकिझम म्हणजे प्रश्नोत्तरावली नव्हे

प्रश्न असा आहे : ख्रिस्ती धर्मशिक्षणातल्या ‘कॅटेकिझम’ला, म्हणजे श्रद्धेची मूलतत्त्वे शिकवणाऱ्या पुस्तकाला, मराठीत ‘प्रश्नोत्तरावली’ म्हणावे का? आणि बाप्तिस्म्याआधी जो शिकत असतो त्या ‘कॅटेक्युमेन’ला काय म्हणावे?

पहिल्याचे उत्तर : म्हणू नये. कोशांत छापले असले तरी म्हणू नये. प्रश्नोत्तरे हा एक साचा आहे, शब्दाचा अर्थ नव्हे. जर्मन धर्मसुधारक मार्टिन ल्यूथर यांनी 1529 साली दोन कॅटेकिझम काढले. त्यातला धाकटा प्रश्नोत्तरांचा, थोरला सलग गद्य. कॅथलिकांच्या ट्रेंट येथील धर्मसभेनंतर 1566 साली धर्मगुरूंसाठी निघालेला रोमन कॅटेकिझमही सलग गद्यच. 1992 सालच्या कॅथलिक कॅटेकिझममध्ये 2865 परिच्छेद आहेत, पण गुरूने विचारावे आणि शिष्याने सांगावे अशी त्याची रचना नाही. जर्मनीतल्या हायडलबर्गचा 1563चा प्रोटेस्टंट कॅटेकिझम मात्र खरोखर 129 प्रश्नांचा, वर्षाच्या 52 रविवारांत वाटून दिलेला, आणि तोच लोकांच्या डोळ्यांपुढे असतो. एका ग्रंथाचा आकार उचलून सगळ्या जातीला नाव दिले की बाकीच्यांची पंचाईत होते.

त्याहून मला खुपतो तो दुसरा वापर. भाषणांत, अग्रलेखांत सारखे कानावर येते : ‘अमक्या पक्षाचा कॅटेकिझम’, म्हणजे डोके न वापरता म्हणून दाखवायची पोपटपंची. हा अर्थ शब्दावर लादलेला आहे, आणि तो का लादलेला आहे हे कळायला मुळाशी गेलेच पाहिजे.

ग्रीक क्रियापद ‘कातेखेइन’. त्यात ‘काता’ म्हणजे खाली, आणि ‘एखेइन’ म्हणजे निनादणे. ‘एखो’ तिथलीच, आपण इंग्रजीतून ‘एको’ म्हणतो ती. कातेखेइन म्हणजे आवाज वरून कानात उतरवणे. नव्या करारात हे क्रियापद मोजक्याच ठिकाणी येते, पण प्रत्येक ठिकाण पाहण्यासारखे आहे. शुभवर्तमानाच्या आरंभी लूक आपल्या वाचकाला, थियफिलाला, लिहितो की तुला जे शिकवले गेले आहे त्याची तुला खात्री पटावी, तिथे हेच. ‘प्रेषितांची कृत्ये’ या पुस्तकात प्रेषित पौलाबद्दल यरुशलेमेत जी कुजबुज पसरते तिथेही हेच, आणि तिथे अर्थ सरळ ‘कानावर येणे’! धर्मशिक्षण आणि वदंता यांना एकच क्रियापद चालते, कारण दोन्हींत मुख्य काम कानाचे.

यावर भाषापंडितांचा एक आक्षेप नेहमीचा : ‘एखेइन’चा अर्थ नुसता ‘वाजणे’, प्रतिध्वनीचा त्यात काही संबंध नाही, तो मागाहून चिकटवलेला गोडवा. व्याकरणापुरते मान्य. पण शब्द व्याकरणात राहत नाहीत, वापरात राहतात, आणि वापर काय होता ते पाहा. चौथ्या शतकात बाप्तिस्म्याच्या उमेदवारांना विश्वासांगीकार, म्हणजे श्रद्धेचा ठरलेला जाहीरनामा, तोंडी दिला जाई आणि काही दिवसांनी त्यांनी तो तोंडी परत म्हणायचा असे. लॅटिनमध्ये या दोन टप्प्यांची नावेच ‘त्रादितिओ’ आणि ‘रेद्दितिओ’, म्हणजे देणे आणि परत देणे. आवाज गेला, आवाज परतला. याला प्रतिध्वनी म्हणायचे नाही तर कशाला? इसवी सन 350च्या सुमारास यरुशलेमेत संत सिरिल आपल्या उमेदवारांना बजावतात की हे कागदावर उतरवू नका, स्मरणाने हृदयावर कोरा आणि आपसांत पुन्हापुन्हा म्हणा. वेदपाठशाळेत हेच सांगणारा गुरुजी भेटला असता तर आपल्याला मुळीच नवल वाटले नसते.

आणि आता ज्यासाठी मी हे लिहायला बसलो ते. आपले ‘घोकणे’ पाहा. संस्कृत घुष्, घोष. ‘ष’चा ‘ख’ झाला, हिंदीत ‘घोखना’ राहिले, आणि मराठीने शेवटच्या महाप्राणाचा, म्हणजे ‘ख’मधल्या हकाराचा, जोर नेहमीप्रमाणे काढून घेतला. भिक्षेची भीख, तिची भीक. हस्ताचा हत्थ, त्याचा हात. तसे घोखचे घोक. म्हणजे घोकणे म्हणजे घोष करणे, आवाजाने आत उतरवणे. ग्रीकांनी शिकण्याला निनादावरून नाव दिले, आपण घोषावरून. दोन भाषांचा एकमेकींशी काही व्यवहार न होता दोघी एकाच जागी पोचल्या. कातेखेइनला इतका जवळचा शब्द मला आणखी कुठल्या भाषेत सापडलेला नाही, आणि तो आपल्या मुलांच्या पाढ्यांत पडून आहे.

दोघांच्या नशिबी आलेली बदनामीही एकच. घोकण्याची घोकंपट्टी झाली, कॅटेकिझमची पोपटपंची झाली. पण पौल करिंथकरांना काय लिहितो? मंडळीत अनोळखी भाषेत दहा हजार शब्द बोलण्यापेक्षा, इतरांना शिकवता यावे म्हणून समजून पाच शब्द बोलणे मला बरे. या ‘शिकवता’च्या जागी ग्रीकमध्ये आपले कातेखेइनच आहे! दहा हजार न समजलेल्या शब्दांच्या विरोधात उभे केलेले क्रियापद तुम्ही न समजता बडबडण्यासाठी वापरता, याला अर्थविपर्यास म्हणतात.

तेच तेच सांगण्याच्या कंटाळ्याबद्दलही एक जुनी गोष्ट आहे. इसवी सन 400च्या सुमारास कार्थेजच्या देओग्रातियास नावाच्या डीकनने, म्हणजे धर्मगुरूच्या खालच्या पदावरच्या सेवकाने, संत ऑगस्टीन यांच्याकडे तक्रार केली की नवख्यांना शिकवताना माझे मलाच बोलणे रटाळ वाटते. ऑगस्टीन यांनी उत्तरादाखल अख्खे पुस्तकच लिहिले. त्यात ते म्हणतात, ज्या रम्य जागांवरून आपण रोज बेफिकीर जातो त्याच पाहुण्या मित्राला दाखवताना त्याच्या आनंदाने आपल्यालाही नव्या होतात. ऐकणाऱ्यावर माया असली की जुने शब्दही तसेच नवे होतात. हाही मला प्रतिध्वनीच वाटतो : शिकवणाऱ्याकडे परतणारा.

मग मराठीत काय म्हणावे? ‘धर्मशिक्षण’ कॅथलिकांत रुळलेला आहे, तो खुशाल वापरावा. त्यात नाद नाही, पण खोटेही काही नाही. ‘थिऑलॉजी’साठी काही जण लिहितात त्या ‘धर्मशास्त्रा’त मात्र हे ओढू नका. धर्मशास्त्र हा आपल्याकडे आचार, व्यवहार आणि प्रायश्चित्ताच्या नियमांचा शब्द आहे, आणि पां. वा. काणे यांचे पाच खंड त्याच विषयावर आहेत. ईश्वराविषयीच्या विचाराला ‘ईश्वरविज्ञान’ आहेच.

राहिला कॅटेक्युमेन. व्यवहारात ‘बाप्तिस्म्याचा उमेदवार’ सगळ्यांना कळते. मला विचाराल तर ‘शुश्रूषू’. शुश्रूषा म्हणजे मुळात सेवा नव्हे, ऐकण्याची इच्छा. ऐकू इच्छिणारा शिष्य गुरूजवळ राहून सेवा करी, म्हणून सेवा हा अर्थ नंतर आला आणि पुढे तो रुग्णाच्या खाटेपाशी जाऊन बसला. कॅटेक्युमेन म्हणजे ज्याच्या कानात अजून उतरते आहे तो. शुश्रूषू म्हणजे ज्याचा कान त्यासाठी उघडा आहे तो. उच्चाराला अवघड आहे हे खरे, पण ‘मुमुक्षू’ आपण म्हणतोच की.