‘टॉम अँड जेरी’: धावताना मिशा का तुटतात आणि पाटी का बदलते?

एकाच भागाच्या दोन प्रतींत रेघा, रंग आणि सुरुवातीची पाटी (नाव-श्रेयांचं चित्र) वेगळी का, असं तुम्ही विचारलंय. तिन्हींची कारणं निरनिराळी आहेत.

तुटणाऱ्या रेघा हा डिजिटल सफाईचा प्रताप. सॉफ्टवेअर मागची-पुढची फ्रेम ताडून पाहतं आणि एकाच फ्रेममध्ये दिसणारी गोष्ट धूळ समजून पुसतं. पाठलागात टॉमची शेपटी दर फ्रेमला नव्या जागी असते, म्हणजे तीही धूळच! वेगवान पाठलाग लावून एकेक फ्रेम पुढे सरका. मागची भिंत शाबूत आणि हलत्या पायाची रेघ अर्धवट असेल, तर ती प्रत बाजूला ठेवा. थोडे ओरखडे असलेली, पण रेघा अखंड असलेली प्रत कधीही चांगली.

रंगांचं गणित निगेटिव्हमध्ये आहे. टेक्निकलर या जुन्या रंगीत चित्रपट-पद्धतीसाठी प्रत्येक चित्र लाल, हिरव्या, निळ्या फिल्टरमधून तीनदा, एकापाठोपाठ, कृष्णधवल फिल्मवर टिपत. मिनिटाला १,४४० फ्रेम, म्हणजे ४,३२० एक्सपोजर. सात मिनिटांच्या भागाला तीस हजारांवर. हे तीन थर हाती असतील, तर स्कॅननंतर ते नेमके एकमेकांवर बसवता येतात. पण मालिकेच्या पहिल्या दशकातल्या बऱ्याच मूळ नायट्रेट (जुन्या, ज्वलनशील फिल्मच्या) निगेटिव्ह आज नाहीत. नंतरच्या रंगीत प्रतीवरून काम केलं, तर थर नीट न जुळल्याने कडेला आलेली लाल-हिरवी झालर चित्रातच मुरलेली असते. ती पुरती निघत नाही.

पाटीचं दुखणं स्टुडिओचंच. पुन्हा प्रदर्शित करताना एमजीएम या निर्मात्या स्टुडिओने मूळ निगेटिव्हमधल्याच पाट्या कापून नव्या जोडल्या. त्यामुळे अस्सल पाटी सापडली तर एखाद्या जुन्या प्रिंटमध्येच. मात्र १९४० च्या पहिल्या भागात मांजराचं नाव जास्पर आहे आणि श्रेय फक्त रुडॉल्फ आयझिंग यांना. टॉम-जेरीचे जनक हॅना-बार्बेरा यांचं नावच नाही. ती छेडछाड नव्हे, मूळ तसंच आहे.

आवाजही तपासा. घरकाम करणाऱ्या कृष्णवर्णीय बाईचा मूळ आवाज लिलियन रँडॉल्फ यांचा. साठच्या दशकात टीव्हीसाठी काही भागांत तिच्या जागी गोरी बाई रेखाटून जून फोरे यांचा आवाज घातला. नव्वदीत थिया विडाल यांच्या आवाजात पुन्हा डबिंग झालं.

१६ मिमी प्रिंट घेणार असाल, तर रंग उडून गुलाबी पडलेली ईस्टमनकलर (दुसऱ्या प्रकारची रंगीत फिल्म) टाळा. टेक्निकलरची छपाई उडत नाही. डबा उघडताच व्हिनेगरचा वास आला, तर फिल्म सडू लागली आहे; ते रीळ बाकीच्यांपासून लगेच वेगळं ठेवा.