पाचच मिनिटं गेलो होतो

प्रश्न : ताई नमस्कार, मी परभणी जिल्ह्यातला, वय 34. परवा रात्री मोबाईलवर 'तलाश' लावला, आमिर खानचा, 2012 चा. मर्डर मिस्ट्री म्हणून बघायला बसलो आणि त्यातल्या इन्स्पेक्टरचं पोरगं पाण्यात बुडालंय हे कळलं तेव्हा हातपायच गळाले. दोन वर्षाखाली माझा पुतण्या आमच्या शेततळ्यात गेला, नऊ वर्षांचं लेकरू. लेकरू माझ्यासोबत होतं, मी मोटार चालू करायला विहिरीकडं गेलो, पाचच मिनिटं. भाऊ-वहिनी आजपर्यंत एक शब्द बोलले नाहीत, तेच जास्त लागतं. रोज रात्री तेच, गेलोच नसतो तर? यातनं माणूस बाहेर येतो का?

उत्तर : दादा, तुमचं पत्र दोनदा वाचलं, मग उठून थोडं फिरून आले आणि आता लिहितेय.

रीमा कागतीच्या त्या पिक्चरमधे मला केसपेक्षा जास्त काय लागलं सांगू, तो इन्स्पेक्टर, सुरजन शेखावत, बसल्या बसल्या मनात तोच दिवस परत उभा करतो आणि त्यात पोराला थांबवतो, पोरगं बोटीत जातच नाही, वाचतं. तुम्ही रात्री करता ते हेच आहे. आपलं चुकलं म्हणलं की निदान हातात काहीतरी होतं असं वाटतं, काहीच हातात नव्हतं हे मानायला त्याहून जड जातं. तळ्यातला तो प्लास्टिकचा कागद ओला झाला की मोठ्या माणसाचाही पाय ठरत नाही, लेकराला धरायला काय असणार. आणि मोटार चालू करायला शेतकरी रोजच जातो हो.

दुसरं म्हणजे, सुरजन झोप येत नाही म्हणून रात्र रात्र गाडी घेऊन फिरतो, त्याची बायको रोशनी शेजारच्या बाईकडं जाते कारण ती मेलेल्या पोराशी बोलून देते म्हणते, त्यावरनं घरात भांडण, आणि दोघं एकमेकांजवळ बसून पोराचं नाव काढत नाहीत. (त्या बाईचं बघून तुम्ही कुठं देवऋष्याकडं जाऊ नका, हात जोडून सांगते.) केस सुटते तरी तो सुटत नाही, शेवटी त्याच बाईच्या हातून लिहिलेलं पोराचं पत्र वाचून पाण्याकाठी ढसाढसा रडतो तेव्हा कुठं मोकळा होतो.

वहिनी बोलत नाहीत म्हणजे राग धरलाय असंच कशावरनं? त्यांनाही तुमचं तोंड बघून बोलवत नसेल. तुम्ही आधी नाव काढा लेकराचं, त्याला काय आवडायचं ते बोला, रडू आलं तर येऊ द्या. त्या रागावल्या तरी ऐकून घ्या, उठून जाऊ नका. दुःख जाईल असं मी खोटं सांगणार नाही, पण एकट्यानं उचलायचं ओझं नाही हे. झोप अजिबातच लागत नसेल, जीव नको वाटत असेल तर 14416 ला फोन लावा, टेली मानस, मनाच्या त्रासासाठीची हेल्पलाइन, सरकारी आहे, फुकट आहे, मराठीत बोलतात.

आणि दादा, तळ्याला कुंपण घातलं का? नसेल तर भावाला सोबत घेऊन घाला, चारी बाजूंनी गाठी मारलेले दोर आत सोडा. गावातली बाकीची लेकरं तिकडं जातच असतील.