दोन डोंगरी घराण्यांचं वैर, त्यात प्रेम आणि गरीब-श्रीमंतीचं अंतर: असा एखादा चांगला मूकपट आहे का? त्यामागे खरी घटना आहे का?

आहे. ‘अवर हॉस्पिटॅलिटी’ (१९२३), अमेरिकी विनोदी नट-दिग्दर्शक बस्टर कीटनचा. कीटन म्हणजे धडपडीचा विनोद, असं समजून बसलात तर पहिली काही मिनिटं दचकवतील. वादळी रात्र, विजांचा लखलखाट, मॅके आणि कॅनफिल्ड एकमेकांवर गोळ्या झाडतात आणि दोघंही मरतात. इथे हसण्यासारखं काहीच नाही. मॅकेची विधवा तान्ह्या विलीला घेऊन न्यूयॉर्क गाठते. त्या तान्ह्याचं काम कीटनच्या सख्ख्या मुलाने केलंय.

वीस वर्षांनी विली (आता खुद्द कीटन) वडिलोपार्जित मालमत्ता ताब्यात घ्यायला निघतो. डोक्यात भला मोठा वाडा. प्रत्यक्षात समोर मोडकं खोपट, आणि पडद्यावर त्याच्या कल्पनेतल्या वाड्याचा स्फोट होतो! वाडा आहे तो कॅनफिल्डांचा. आगगाडीत जिच्यावर जीव जडला ती त्यांचीच लेक, आणि तिनेच त्याला जेवायला बोलावलेलं. बाप मुलांना बजावतो की पाहुणा घरात आहे तोवर त्याच्या केसाला धक्का लावायचा नाही. उंबरठा ओलांडला की गोळी. मला हा प्रसंग फार मोठा वाटतो, कारण ज्या खानदानी अभिमानापोटी ते त्याला जेवू घालतात, त्याच अभिमानापोटी त्याचा जीवही घ्यायला निघालेत.

खरं वैर हॅटफील्ड आणि मॅकॉय यांचं. वेस्ट व्हर्जिनिया आणि केंटकीच्या सीमेवरून वाहणाऱ्या टग फोर्क नदीच्या दोन काठांवरची ही घराणी. १८७८ साली एका डुकराच्या मालकीवरून खटला झाला, १८८२ मध्ये तीन मॅकॉय भावांना बांधून गोळ्या घातल्या. हॅटफील्डांचा लाकडाचा धंदा जोरात होता, मॅकॉय त्या मानाने ओढगस्तीतले. १८८० मध्ये रोझॅना मॅकॉय जॉन्सी हॅटफील्डच्या प्रेमात पडून त्याच्या घरी राहायला गेली. लग्न मात्र त्याने पुढे तिच्या चुलत बहिणीशी केलं. चित्रपटाने तिच्यासारख्या प्रेमाला सुखाचा शेवट दिला. तो मला मनापासून आवडतो.

कीटनने काळ १८३० च्या आसपास नेला, कारण त्याला रेल्वेच्या सुरुवातीच्या काळातली ती चिमुकली आगगाडी हवी होती. चित्रीकरण कॅलिफोर्नियातल्या ट्रकी नदीवर झालं. तिथे कीटनला बांधलेला दोर तुटून तो खरोखर वाहून गेला, आणि तेच दृश्य चित्रपटात ठेवलंय. सव्वा तासाचा आहे, अमेरिकेत २०१९ पासून स्वामित्वहक्कातून मोकळा झालाय, त्यामुळे नेटवर सहज सापडेल. पार्श्वसंगीत असलेली प्रत निवडा.