मोबदल्याचा मूळ दर तपासताना

तरुण मित्रा,

सप्रेम आशीर्वाद.

तुमच्या शेतावर भूसंपादनाची अधिसूचना निघाल्यापासून घरात "किती पट मिळणार" हीच चर्चा चालली असणार. पट शासन ठरवतं. पण ज्या दराला ती पट लागते तो दर कसा काढला, हे तुला तपासता येतं. तेव्हा सगळा जोर तिथेच लाव.

२०१३ च्या भूसंपादन कायद्याचं कलम २६ नीट वाच. रेडीरेकनरचा (मुद्रांक शुल्कासाठी शासनाने ठरवलेला) दर आणि परिसरातल्या तशाच जमिनींच्या खरेदीखतांची सरासरी, यांत जो आकडा मोठा तो बाजारमूल्य म्हणून धरायचा. ही सरासरी आधीच्या तीन वर्षांत नोंदलेल्या खतांची, आणि तीही फक्त वरच्या किमतीच्या निम्म्या खतांची. इथेच घोळ होतो. समज, दहा खतं मिळाली, हेक्टरी लाखांत: ३०, २८, २८, २७, २७, १५, १४, १२, ११, ८. सगळ्यांची सरासरी २० लाख येते, वरच्या पाचांची २८. कायद्याला २८ अपेक्षित आहे. ग्रामीण भागात गुणांक, म्हणजे बाजारमूल्याला लागणारी पट, २ असेल, तर त्यावर शंभर टक्के दिलासा रक्कम (सक्तीने जमीन घेतल्याबद्दल मिळणारी तेवढीच जादा रक्कम) धरून २० चे ८० होतात आणि २८ चे ११२. मुळात आठ लाखांची चूक, हातात बत्तीस लाख कमी! गुणांक मात्र तुमच्या प्रकल्पाला लागू असलेल्या अधिसूचनेतच बघ. शेजारच्या गावाला मिळाला म्हणून गृहीत धरू नकोस.

दुय्यम निबंधकांच्या कार्यालयातून सूची दोनचे (नोंदलेल्या खरेदीखतांच्या यादीचे) उतारे काढ. प्रत्येक खताला गट नंबर, क्षेत्र, किंमत, जिरायत की बागायत, रस्त्यापासून अंतर असा तक्ता कर. क्षेत्र एकाच मापात आण. हेक्टर, आर, गुंठे मिसळले की दर फसतो. अधिसूचनेनंतर घाईने केलेली खतं उपयोगाची नाहीत. अधिकाऱ्याने तुझं एखादं खत वगळलं, तर कारण लेखी माग.

संयुक्त मोजणीच्या दिवशी घरातलं जाणतं माणूस बांधावर हवंच. झाडं जात आणि वयानुसार मोजली का, विहीर, पाइपलाइन, गोठा पंचनाम्यात आला का, हे बघूनच सही करायची. फरक असेल तर सहीच्या वरच हरकत लिहायची आणि प्रत मागून घ्यायची. बागायत असूनही सातबाऱ्यावर जिरायत दिसत असेल, विहिरीची नोंदच नसेल, तर आजच तलाठ्याकडे जा. झाडं, विहीर, बांधकाम यांच्या किमतीला गुणांक लागत नाही, दिलासा रक्कम मात्र लागते.

कलम २१ ची (दावे मागवणारी) नोटीस आली की लेखी दावा द्यायचा. रस्ता शेताच्या मधून जाऊन पलीकडे चिंचोळी पट्टी उरत असेल, पाण्याची वाट तुटत असेल, तर कलम २८ खाली ते नुकसान वेगळं मागता येतं. नकाशा जोड. लोक फक्त गेलेल्या क्षेत्राचे पैसे मागतात आणि उरलेल्या जमिनीचं मातेरं होतं ते बोलतच नाहीत, याचं फार वाईट वाटतं. सामाजिक परिणाम मूल्यांकनाच्या अधिसूचनेपासून निवाड्यापर्यंत (मोबदला ठरवणाऱ्या आदेशापर्यंत) किंवा ताब्यापर्यंत, जे आधी होईल तोवर, बाजारमूल्यावर वार्षिक १२ टक्के मिळतात. निवाड्यात तो रकाना आहे का पाहा.

निवाडा मान्य नसेल तरी पैसे घ्यायला हरकत नाही, पण पावतीवर "हरकत राखून स्वीकारले" असं स्पष्ट लिही. ते न लिहिता रक्कम उचलली तर कलम ६४ चा वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही. निवाड्याच्या वेळी तू किंवा तुझा प्रतिनिधी हजर असेल तर मुदत निवाड्याच्या तारखेपासून फक्त सहा आठवडे. अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे द्यायचा, हरकतीची कारणं त्यातच लिहायची, आणि पोच घ्यायची.

जमीन राष्ट्रीय महामार्गाला जात असेल तर वाट वेगळी: १९५६ च्या महामार्ग कायद्याखाली वाद लवादाकडे जातो, कलम ६४ कडे नाही. त्यामुळे अधिसूचना कोणत्या कायद्याखाली निघाली आहे, हे तिच्या पहिल्या परिच्छेदात आधी वाच आणि त्याप्रमाणे वकील गाठ.